चौकातला उजेड

स्मरणिकेसाठी लेख द्या, असा चिटणीसबाईंचा निरोप आला, तेव्हा मी लगोलग विषय कळवून टाकला : छायालेखक सुब्रत मित्र यांची कारकीर्द. बाई क्षणभर थांबल्या आणि म्हणाल्या, "अहो, हे कोण?" त्यांच्या विचारण्यात नवल काहीच नाही. सिनेमाला जाऊन आल्यावर आपण नायिकेविषयी बोलतो, तिच्या साडीविषयी बोलतो, गाणे गुणगुणत जिना उतरतो. संगीतकाराचे नाव निदान रेडिओमुळे तरी ठाऊक असते. परंतु ज्याच्या डोळ्यांनी आपण ते सगळे पाहिले, त्या कॅमेरावाल्याचे नाव पडद्यावर येते तेव्हा आपण अजून अंधारात खुर्चीचा नंबर शोधीत असतो.

मंडळाच्या स्मरणिकेत हा विषय कशाला, असेही कोणी विचारील. त्याला माझे उत्तर असे की, घरातली बाई घरातल्याच उजेडात कशी दिसते, हे आपल्या देशात पडद्यावर मनापासून कोणी दाखवले असेल तर ते ह्या माणसाने. तो बंगाली होता, आणि आपला-त्याचा तसा संबंध नाही. पण उजेडाला कुठली आली भाषा?

आधी थोडे मागचे सांगते. आपल्या चित्रपटांचा जन्म उन्हात झाला. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' पुरा झाला तो दादरला, दिवसाच्या उजेडात. कॅमेऱ्यापाशी त्र्यंबक तेलंग होते. सरस्वतीबाई फाळक्यांनी कोऱ्या फिल्मला भोके पाडण्याचे, फिल्म धुण्याचे काम शिकून घेतले आणि ते करून शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही केला, हे आपणा सर्वांना माहीत असायला हवे. पुढे विजेचे दिवे आले, स्टुडिओ आले. कोल्हापुरात १९२९ साली 'प्रभात' कंपनी निघाली, तिच्या मालकांपैकी केशवराव धायबर हे स्वतः छायालेखक होते. त्या काळी छायालेखक म्हणजे कंपनीचा माणूस. महिन्याचा पगार, कंपनीचा कॅमेरा, कंपनीचे दिवे, आणि दिवे लावण्याची कंपनीची ठरलेली रीत. एक दिवा समोरून नायिकेच्या चेहऱ्यावर, एक मागून केसांवर, म्हणजे डोक्याभोवती तेजोवलय. मग दृश्य राजवाड्यातले असो की झोपडीतले, मध्यरात्रीचे असो की दुपारचे. भिंतीवर एकाच माणसाच्या दोन-दोन तीन-तीन सावल्या पडलेल्या तुम्ही जुन्या बोलपटांत पाहिल्या असतील. कुणाला त्यात काही वावगे वाटत नसे. आम्हालाही वाटले नाही.

सुब्रत मित्र अशा कुठल्याही कंपनीचे नव्हते. जन्म कलकत्त्याचा, १२ ऑक्टोबर १९३०. शाळेत असताना सायकलवर टांग मारून मित्रांबरोबर इंग्रजी चित्रपट पाहायला जाण्याचा त्यांना नाद. कॉलेजात शिकत होते शास्त्र, पण मनाने ठरवून बसले होते की, एक तर वास्तुशिल्पी व्हायचे नाही तर छायालेखक. घरे बांधणारा आणि घरांत उजेड आणणारा! दोन्ही वेडे तशी एकाच कुळातली.

१९५० च्या सुमारास फ्रान्सचे प्रख्यात दिग्दर्शक झां रेन्वार 'द रिव्हर' ह्या चित्रपटासाठी कलकत्त्याला आले. हुगळीच्या काठी चित्रण चालू झाले. छायालेखक होते त्यांचे पुतणे क्लोद रेन्वार. आपले हे एकोणीस-वीस वर्षांचे चिरंजीव काम मागायला गेले, ते काही मिळाले नाही. तेव्हा वडील त्यांना घेऊन थेट रेन्वारांकडे गेले, आणि नुसते उभे राहून पाहायची परवानगी मिळाली. मुलाच्या सिनेमाच्या वेडासाठी स्वतः शब्द टाकणारे वडील त्या काळात किती असतील, ह्याचा विचार ज्यांच्या घरी मुलगे आहेत त्यांनी करावा.

मुलगा नुसता पाहत उभा राहिला नाही. कॅमेरा कुठे, दिवे कुठे, नट कुठून कुठे चालला, ह्याच्या आकृत्या तो वहीत काढी, टिपणे लिही. होता होता असे झाले की, एखादे दृश्य पुन्हा घ्यायची वेळ आली आणि मागच्या वेळी दिवे नेमके कसे होते हे पडताळायचे झाले, तेव्हा खुद्द क्लोद रेन्वारांनी ह्या पोराची वही मागवली. त्याच ठिकाणी सुट्टीच्या दिवशी चित्रण पाहायला जाहिरात कंपनीतले एक उंच गृहस्थ येत असत. ते सत्यजित राय. आणि कलाविभागात साहाय्यक म्हणून काम करीत होते बन्सी चंद्रगुप्त. पुढच्या चौदा-पंधरा वर्षांचे त्रिकूट असे नदीकाठी जमले.

'पथेर पांचाली'ची कहाणी बहुतेकांनी ऐकलेली असते, म्हणून थोडक्यात सांगते. २७ ऑक्टोबर १९५२ रोजी पहिले चित्रण झाले. छायालेखक बावीस वर्षांचा, आणि ह्याआधी त्याने सिनेमाचा कॅमेरा कधी चालवलेला नव्हता. कलकत्त्यातल्या मुरलेल्या मंडळींनी ह्या सगळ्या उद्योगाला वेडात काढले. पावसात, उघड्यावर, नवख्या माणसांना घेऊन कुठे चित्रण होते का, असे ते म्हणत. पहिल्याच खेपेला काशफुलांच्या रानात अपू आणि दुर्गा ह्यांचे थोडे चित्रण केले आणि आठवड्याने पुन्हा जाऊन पाहतात तो गुरांनी फुले फस्त केलेली! उरलेले दृश्य पुढच्या मोसमात, नवी फुले आल्यावर घेतले. पैसा तर सारखा संपत होता. रायांनी विम्याची पॉलिसी मोडली, पुस्तके विकली, आणि विजया रायांचे दागिने गहाण पडले. दागिन्यांची ही गोष्ट लोक रायांच्या धडाडीसाठी सांगतात. मी ती विजयाबाईंसाठी सांगते. शेवटी पश्चिम बंगाल सरकारने हात दिला आणि १९५५ साली चित्रपट पुरा झाला. पुढल्या वर्षी कान येथील महोत्सवात त्याचा गौरव झाला.

आणखी एक गंमत. मित्र सतार चांगली वाजवीत. 'पथेर पांचाली'चे संगीत पंडित रविशंकरांचे. ते निघून गेल्यावर काही जागा रिकाम्या राहिल्या. मिठाईवाला कावड घेऊन पुढे चालला आहे, मागून मुले आणि त्यांच्या मागे कुत्रा, ह्या प्रसंगाची सतार छायालेखकाची आहे.

आता मुख्य गोष्टीकडे येते. १९५६ सालचा 'अपराजितो'. हरिहर, सर्वजया आणि लहान अपू काशीला राहतात. काशीची घरे तुम्ही यात्रेच्या वेळी पाहिली असतील. मधे चौक, चारी बाजूंनी उंच माड्या. ज्यांचे माहेर वाड्यातले आहे त्यांना ते समजावून सांगायला नकोच. आमच्या वाड्याच्या चौकात ऊन उतरे ते जेमतेम दुपारी, घटकाभर. एरवी दिवसभर असे ते नुसते आकाश. वरच्या चौकोनातून तो थंड, सारखा उजेड खाली झिरपत येई. तांदूळ निवडायला, सुईत दोरा ओवायला आम्ही सगळ्या जणी चौकातच बसत असू. कारण त्या उजेडात हाताची सावली तांदळावर पडत नाही.

पावसाळ्याच्या भीतीने रायांनी ह्या काशीच्या घराचा चौक कलकत्त्यात स्टुडिओत उभारायचे ठरवले. मित्रांनी हरकत घेतली. स्टुडिओतले दिवे म्हणजे भाल्यासारखे सरळ येणारे किरण. एका दिव्याची एक सावली, दहा दिव्यांच्या दहा. आकाशातून येणारा, सावली न पाडणारा उजेड त्यांतून काढायचा कसा? बन्सी चंद्रगुप्त आणि राय ह्यांच्यापुढे त्यांचे काही चालले नाही आणि चौक उभा राहिला. तो इतका हुबेहूब साधला होता की, उजेड खोटा पडला असता तर सगळेच खोटे पडले असते.

मग मित्रांनी काय केले, तर चौकाच्या वर, जिथे खऱ्या घरात आकाश दिसते तिथे, चौकटीवर पांढरे कापड ताणून बसवले. दिवे माणसांकडे वळवायचे सोडून उलटे, खालून वर, त्या कापडावर सोडले. कापडाने उजेड झेलला आणि पसरवून खाली टाकला. झाले! स्टुडिओत आकाश आले. करुणा बॅनर्जींची सर्वजया त्या चौकात वावरते, कामे करते, दमून बसते, तेव्हा तिच्या चेहऱ्यावर कोणी दिवा रोखलेला नाही. ती आपल्या घरात आहे आणि दिवस चढतो आहे किंवा कलतो आहे, एवढेच आपल्याला जाणवते.

वाचताना ही युक्ती सोपी वाटते. पांढऱ्या भिंतीवरून उजेड खोलीभर पसरतो हे कुठल्याही गृहिणीला ठाऊक आहे. दिवाळीआधी माजघराला चुना काढला की घर उजळते ते त्यामुळेच. पण स्टुडिओतल्या कुणाला तसे करावेसे वाटले नव्हते, कारण चेहरा उजळ दिसला की काम झाले, अशी समजूत. पुढे स्वीडनच्या बर्गमनचे छायालेखक स्वेन न्यूक्विस्ट ह्यांनी १९६१ च्या सुमारास अशाच परतवलेल्या उजेडाचा वापर केला, आणि परदेशी नियतकालिकात त्याचे नवी पद्धत म्हणून कौतुक झाले. न्यूक्विस्ट थोर कलावंत होते, त्यांच्याबद्दल वाकडा शब्द नाही. पण कलकत्त्याच्या एका तरुणाने ते काम पाच वर्षे आधी करून ठेवले होते, आणि ते त्याला लागून राहिले, ह्यात मला तरी काही गैर वाटत नाही. आपण केलेल्या कामावर दुसऱ्याचे नाव लागले की कसे वाटते, हे मंडळात नव्याने सांगायला नको.

रायांबरोबर मित्रांनी एकंदर दहा चित्रपट केले. सगळ्यांविषयी लिहीत बसत नाही. 'जलसाघर'मधली झुंबरे आणि आरसे पाहण्यासारखे आहेत. 'कांचनजंघा' (१९६२) रंगीत आहे, दार्जिलिंगला धुके आणि ऊन यांचा लपंडाव सांभाळीत तो महिनाभराच्या आत चित्रित झाला. परंतु मला सांगायचे आहे ते तीन घरांविषयी.

पहिले 'देवी' (१९६०) मधले. सासऱ्याला स्वप्न पडते की धाकटी सून साक्षात कालीमाता आहे, आणि सतरा वर्षांच्या दयामयीला मखरात बसवून तिची आरती सुरू होते. शर्मिला टागोर तेव्हा शाळकरी वयाची होती. धूप आणि निरांजने यांच्यामधून तिचा चेहरा दिसतो तो देवीचा नाहीच, भांबावलेल्या मुलीचा आहे. दुसरे 'महानगर' (१९६३) मधले. लहानशा भाड्याच्या जागेत सासू-सासरे, नणंद, नवरा, मूल, आणि आरती नावाची सून विणकामाची यंत्रे घरोघर विकायची नोकरी धरते. त्या खोल्या इतक्या अरुंद की माणसाला वळायला जागा नाही. बाहेर पडल्यावर रस्त्यावरच्या उजेडात आरती वेगळी दिसते. तिच्यात झालेला बदल संवादांच्या आधी उजेडाने सांगितला आहे, असे मला तरी वाटते. तिसरे 'चारुलता' (१९६४) चे. श्रीमंत संपादकाची एकटी पडलेली बायको खिडक्यांच्या झडपांमधून, हातातल्या दुर्बिणीने रस्त्यावरची माणसे पाहत ह्या खिडकीवरून त्या खिडकीकडे फिरते. ते सगळे घर स्टुडिओत बांधलेले होते. बाहेर भर दुपार आहे आणि आत ती थोडी थोडी येते आहे, हे खरे वाटते ते मित्रांमुळे. आरती आणि चारू दोन्ही माधवी मुखर्जीने केल्या. 'चारुलता' ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी सवड काढून एकदा पाहावा.

ह्यानंतर वाटा फुटल्या. मधे मित्रांना डोळ्यांचा विकार झाला होता. १९६१ सालच्या 'तीन कन्या'चे काम त्यांचे साहाय्यक सौमेंदू राय ह्यांनी केले. 'चारुलता'पासून सत्यजित राय कॅमेरा स्वतः हाताळू लागले. दिवे मित्रांचे आणि कॅमेऱ्यामागचा डोळा रायांचा, ही वाटणी फार दिवस टिकणारी नव्हती. एका चुलीवर दोघींचा हात, असे ते झाले. १९६६ चा 'नायक' हा त्यांचा एकत्र शेवटचा चित्रपट. बहुतेक सगळा आगगाडीच्या डब्यात घडतो, डबा स्टुडिओतला, आणि खिडकीतून येणारा उजेड मात्र धावत्या गाडीचा.

त्याच वर्षी हिंदीत 'तीसरी कसम' आला. फणीश्वरनाथ रेणूंची कथा, बासू भट्टाचार्यांचे दिग्दर्शन, राज कपूर आणि वहीदा रहमान. गीतकार शैलेंद्र ह्यांनी स्वतः पैसा घालून काढलेला चित्रपट. रंगीत चित्रपटांची लाट आलेली असताना हा काळा-पांढरा. बैलगाडीच्या छपराआडून हिराबाईचा चेहरा ज्या तऱ्हेने दिसतो, तो पाहिल्यावर रंग हवे होते असे म्हणवत नाही. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले, पण तिकीटबारीवर चित्रपट पडला, आणि त्याच वर्षी डिसेंबरात शैलेंद्र गेले. स्वतंत्र चित्रपटाचा हिशेब असा असतो.

दरम्यान अमेरिकन दिग्दर्शक जेम्स आयव्हरी आणि आपले मुंबईचे इस्माईल मर्चंट ह्या जोडीसाठी मित्रांनी चार चित्रपट केले. दिल्लीतला 'द हाउसहोल्डर' (१९६३), फिरत्या नाटकमंडळीची कथा 'शेक्सपिअर वाला' (१९६५), 'द गुरु' (१९६९) आणि मुंबईच्या चित्रनगरीवरचा 'बॉम्बे टॉकी' (१९७०). शेवटच्यात नट्या एका अवाढव्य टाइपरायटरच्या बटणांवर नाचतात!

पण मला सर्वांत जास्त मोलाचा वाटतो तो फारसा कुणाला ठाऊक नसलेला एक चित्रपट. हाँगकाँगमध्ये तांग शू-श्वेन नावाच्या एका तरुण बाईने १९६८ च्या सुमारास 'द आर्च' म्हणजे 'कमान' हा चित्रपट स्वतः लिहून दिग्दर्शित केला. कुठल्या मोठ्या कंपनीचा आधार नाही. त्या काळी तिथे बाईने दिग्दर्शन करणे हीच अपूर्वाई. आणि तिच्यासाठी कॅमेरा हाती घेतला तो आपल्या सुब्रत मित्रांनी. कथा जुन्या चीनमधली. एका खेड्यात तुंग नावाची विधवा, सासू आणि मुलगी यांच्यासह राहते. गावात तिला मोठा मान. तिच्या निष्कलंक वैधव्याच्या गौरवासाठी बादशहाच्या आज्ञेने दगडी कमान उभारली जाणार आहे. अशा वेळी घोडदळाचा एक अधिकारी तिच्या घरी मुक्कामाला येतो, आणि तिच्या मनात जे इतकी वर्षे निजलेले होते ते जागे होते. ती ते कुणाला कळू देत नाही. मुलीचेही मन त्याच्यावरच जाते, आणि आई मुलीचे लग्न त्याच्याशी लावून देते. सासू मरते, मुलगी सासरी जाते, आणि कमान उभी राहते. लिसा लू ह्या अभिनेत्रीने ती विधवा इतक्या कमी शब्दांत उभी केली आहे की, बोलायचे सारे काम चेहऱ्याकडे आणि उजेडाकडे आले आहे. आपल्याकडे अशा बायकांसाठी कमानी उभारीत नसत, आलवण देत. पण कमान काय आणि आलवण काय, बाईने आत काय गिळले हे दोन्हींत दिसत नाही. ते दिसावे म्हणून त्या काळ्या-पांढऱ्या चित्रात किती काळजी घेतली आहे! चीनची कथा, बंगाली छायालेखक, आणि मला मात्र आमच्या घरातली एक आत्या आठवली.

'बॉम्बे टॉकी'नंतर मित्रांना काम फार थोडे मिळाले. त्यांची कीर्ती हट्टी, चिकित्सक माणूस अशी झाली होती. उजेड मनासारखा होईपर्यंत ते थांबत आणि इतरांनाही थांबवीत. निर्मात्याच्या बाजूनेही विचार केला पाहिजे. स्टुडिओचे भाडे तासागणिक चढत असते. पण ज्याने 'अपराजितो'च्या वेळी, चालते तसे चालू द्या, असे म्हटले असते, त्याच्या हातून ते पांढरे कापड बांधले गेले नसते हेही तितकेच खरे. तरणेपणी ज्या हट्टाला लोकांनी प्रतिभा म्हटले, त्यालाच उतारवयात विक्षिप्तपणा म्हटले.

१९८६ साली रमेश शर्मांचा 'न्यू दिल्ली टाइम्स' आला आणि त्याच्या छायालेखनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'पथेर पांचाली'पासून तीस वर्षे उलटून गेली होती. १९९२ साली कोडॅक कंपनीने त्यांच्या आयुष्यभराच्या कामाचा गौरव केला. १९९७ पासून ते कलकत्त्याच्या सत्यजित राय चित्रपट संस्थेत छायालेखन शिकवू लागले. ज्याला स्वतःला कुणी शिकवले नाही, ज्याने दुसऱ्यांच्या दिव्यांच्या आकृत्या वहीत काढून विद्या मिळवली, तो आता वर्गात मुलांपुढे उभा राहिला. ७ डिसेंबर २००१ रोजी ते वारले.

ह्या हकिकतीत एक आगही आहे. १९९३ साली लंडनच्या एका प्रयोगशाळेत आग लागली आणि अपूच्या तिन्ही चित्रपटांच्या मूळ फिल्मा तिच्यात होरपळल्या. वितळलेल्या, आकसलेल्या त्या फिल्मा कुणी टाकून दिल्या नाहीत हे नशीब. पुढे इटलीत बोलोन्या येथे कारागिरांनी महिनोन् महिने बसून, फाटके वस्त्र रफू करावे तशा त्या हाताने दुरुस्त केल्या. जे भाग वाचण्यापलीकडचे होते ते दुसऱ्या प्रतींवरून भरून काढले. २०१५ साली तिन्ही चित्रपट नव्याने लोकांपुढे आले. मित्र ते पाहायला नव्हते.

आता ते घरबसल्या पाहता येतात. आपल्या नातवंडांना सांगितले तर ती टीव्हीवर लावून देतील, खाली इंग्रजी अक्षरे असतात. 'अपराजितो' लावाल तेव्हा काशीच्या घरातला प्रसंग येईपर्यंत थांबा, गोष्ट क्षणभर बाजूला ठेवा, आणि चौकात वावरणाऱ्या सर्वजयेच्या पायांशी ठळक सावली कुठे सापडते का, ते पाहा.